वापसा

२० ऑक्टोबर १९१९ रोजी कॅनडाच्या ऑन्टारियो प्रांतात निवडणूक झाली आणि निकाल हाती आले तेव्हा विधिमंडळातला सर्वांत मोठा गट शेतकऱ्यांचा निघाला. १११ पैकी सुमारे ४५ जागा त्यांच्या पदरात पडल्या होत्या. १९१४ साली ८४ जागा मिळवून सत्तेत बसलेला कॉन्झर्वेटिव्ह पक्ष २५ वर आला, आणि त्याचे प्रीमियर, म्हणजे प्रांताचे मुख्यमंत्री, विल्यम हर्स्ट स्वतःच्या मतदारसंघातही पडले. असे सत्तापालट जगात पुष्कळ झाले आहेत. पण इथे एक विचित्र अडचण उभी राहिली, ती अशी की जिंकणाऱ्यांना नेताच नव्हता. ‘युनायटेड फार्मर्स ऑफ ऑन्टारियो’ या त्यांच्या संघटनेने उमेदवार उभे केले होते, सभा घेतल्या होत्या, परंतु मुख्यमंत्री कोण होणार हे ठरवण्याची वेळ येईल अशी कल्पना त्यांच्यापैकी फारशा कोणी केलीच नव्हती. संघटनेचे सचिव जे. जे. मॉरिसन यांना विचारणा झाली, त्यांनी नकार दिला. प्रांतात सरकारी वीज आणणारे सर ॲडम बेक यांचेही नाव निघाले, वास्तविक ते शेतकरी नव्हते आणि त्याच निवडणुकीत पराभूत झाले होते. अखेर शोध थांबला तो निवडणुकीला उभ्याच न राहिलेल्या एका माणसापाशी. अर्नेस्ट चार्ल्स ड्रूरी, वय ४१, व्यवसाय शेती, मुक्काम बॅरी शहराच्या उत्तरेचे क्राउन हिल. १४ नोव्हेंबरला त्यांनी शपथ घेतली. विधिमंडळात बसायला त्यांच्याकडे जागा नव्हती. ती पुढच्या फेब्रुवारीत हॉल्टन मतदारसंघातल्या पोटनिवडणुकीने मिळाली.

माझे बालपण शेतावर गेले, आणि शेतकऱ्यांच्या तोंडून राजकारणाविषयी मी जे काही ऐकले त्यात गाऱ्हाण्यांचा वाटा सर्वांत मोठा होता. गाऱ्हाणे खोटे नसते, पण ते सांगून झाल्यावर सांगणारा उठतो आणि कामाला लागतो, निवाडा करणे हे दुसऱ्याच कोणाचे तरी काम असते. पुढे मी ऑन्टारियोत राहायला आलो आणि इथल्या ग्रंथालयात ड्रूरींची हकीकत पहिल्यांदा वाचली, तेव्हा माझ्या मनात आले ते हेच, की गाऱ्हाणे घेऊन आलेल्या माणसाला एके दिवशी निवाड्याच्या खुर्चीवर बसवले तर तो काय करील? या माणसाचा मी तेव्हापासून पाठपुरावा करीत आलो आहे. तो थोर होता असे सिद्ध करण्याचा माझा हेतू नाही, कारण तो तसा होता की नाही याविषयी माझे मत अजून पक्के झालेले नाही.

ड्रूरींना निव्वळ नांगरामागचा माणूस समजणे मात्र चुकीचे ठरेल, आणि त्यांच्या काळच्या पुष्कळ शहरी लोकांनी ती चूक केली. त्यांचे वडील चार्ल्स ड्रूरी हे १८८८ मध्ये ऑन्टारियोचे पहिले कृषिमंत्री झाले होते. मुलगा ग्वेल्फच्या कृषी महाविद्यालयात शिकला, १९०० साली पदवी घेऊन घरच्या शेतावर परतला. शेतकऱ्यांच्या जुन्या ‘ग्रेंज’ संघटनेत तो वर चढत गेला आणि देशभरातल्या शेतकरी संघटनांनी १९०९ मध्ये एकत्र येऊन ‘कॅनेडियन कौन्सिल ऑफ ॲग्रिकल्चर’ स्थापन केले तेव्हा त्याचा सचिव झाला. म्हणजे घरात राजकारण होते, हातात पदवी होती आणि वक्तृत्वही होते. तरीही तो शेतकरी होता हे खरेच, कारण त्याचे उत्पन्न मातीतून येत होते आणि त्याचा राग बाजारातून.

त्या रागाचे मूळ १८७९ सालापासूनच्या संरक्षक जकातीत होते. देशी कारखाने जगावेत म्हणून बाहेरून येणाऱ्या मालावर जकात बसवली गेली, त्यामुळे शेतकऱ्याला कापणीचे यंत्र, अवजारे, कापड सारे चढ्या दराने घ्यावे लागे, आणि त्याचे स्वतःचे धान्य मात्र जगाच्या बाजारात, जगाच्या भावाने विकावे लागे. घेताना बंद बाजार, विकताना उघडा बाजार. डिसेंबर १९१० मध्ये शेकडो शेतकरी आगगाडीने राजधानी ओटावात जाऊन पंतप्रधान लॉरिए यांना भेटले. त्या मोर्चाच्या आघाडीच्या लोकांत ड्रूरी होते. पुढच्याच वर्षी अमेरिकेशी खुल्या व्यापाराचा करार करू पाहणारे लॉरिए निवडणूक हरले आणि शेतकऱ्यांना दोन्ही जुन्या पक्षांपैकी कोणाकडे पाहावे हे कळेनासे झाले. याच काळात ऑन्टारियोचे गावपण ओसरत होते. १९११ च्या जनगणनेत प्रांतातली निम्म्याहून अधिक माणसे शहरात मोजली गेली. मुले पश्चिमेच्या गव्हाच्या पट्ट्यात नाहीतर कारखान्यांत जात होती आणि मागे राहिलेल्यांना शेतावर मजूर मिळत नव्हता. मार्च १९१४ मध्ये टोरांटोत ‘युनायटेड फार्मर्स’ची स्थापना झाली. ड्रूरी पहिले अध्यक्ष, मॉरिसन सचिव. सोबत सहकारी खरेदीची कंपनीही निघाली, जी पेंढ्या बांधायची सुतळी आणि बियाणे घाऊक भावाने घेऊन सभासदांना देई. चळवळ म्हणावी असे त्यात अजून काही नव्हते.

चळवळ केली ती १९१८ च्या वसंताने. महायुद्धासाठी सक्तीची सैन्यभरती सुरू झाली होती, आणि १९१७ च्या डिसेंबरातल्या निवडणुकीपूर्वी पंतप्रधान बोर्डन यांच्या सरकारने आश्वासन दिले होते की शेतावर राबणाऱ्या शेतकऱ्यांच्या मुलांना त्यातून सूट मिळेल. मते पडली, सरकार आले, आणि एप्रिल १९१८ मध्ये, नेमके पेरणीच्या तोंडावर, ती सूट काढून घेण्यात आली. एकीकडे सरकार शेतकऱ्याला अधिक धान्य पिकवा म्हणून सांगत होते आणि दुसरीकडे त्याच शेतातला विशीचा मुलगा उचलून नेत होते. मे महिन्यात सुमारे ५ हजार शेतकरी ओटावात जमले. ज्याने वसंतातली पेरणी पाहिली आहे त्याला या आकड्याचा अर्थ कळेल, कारण त्या दिवसांत शेतकरी औत सोडून गावातल्या बाजारालाही सहसा जात नाही. बोर्डन बधले नाहीत, आणि सभागृहासमोर म्हणणे मांडण्याची शेतकऱ्यांची मागणीही मान्य झाली नाही. ती माणसे अपमान घेऊन घरी परतली. पाच-सहा महिन्यांत मॅनिटूलिनच्या पोटनिवडणुकीत संघटनेचा पहिला आमदार निवडून आला आणि वर्षभराने प्रांतच हाती आला.

पावसानंतर जमीन चिखल राहिलेली नसते आणि कडकही झालेली नसते, औत घातले तर ढेकूळ सहज फुटते, अशा दोन-चार दिवसांच्या अवस्थेला आपण वापसा म्हणतो. तो ओळखता आला तरी आणता येत नाही, आणि धरून ठेवता तर मुळीच येत नाही. १९१९ मध्ये ऑन्टारियोची जमीन अशीच वापशावर आली होती. युद्धाचा संताप, महागाई, पहिल्यांदाच प्रांताच्या निवडणुकीत मत देणाऱ्या स्त्रिया, त्याच दिवशी दारूबंदीवर घेतलेला कौल, हे सगळे एकाच वेळी जुळून आले. शेतकऱ्यांना पडलेली मते एकूण मतांच्या पाचव्या हिश्श्याहून थोडीच अधिक होती. ग्रामीण मतदारसंघ लहान होते आणि जुन्या दोन पक्षांत मते फुटली, म्हणून जागा दुप्पट मिळाल्या. हे गणित ड्रूरींना पहिल्या दिवसापासून ठाऊक होते असे मला वाटते, आणि त्यांच्या पुढच्या सगळ्या वागण्याचा उलगडा त्यातच आहे.

बहुमत नव्हते म्हणून ११ जागा असलेल्या कामगारांच्या पक्षाशी हातमिळवणी झाली. हॅमिल्टनचे झाडू बनवणारे कारागीर वॉल्टर रोलो कामगारमंत्री झाले. महाधिवक्ता म्हणून एक वकील बाहेरून आणावा लागला, कारण निवडून आलेल्या शेतकऱ्यांत वकील नव्हता. मंत्रिमंडळातल्या बहुतेकांनी याआधी सरकारी कचेरी बाहेरूनच पाहिलेली होती. या नवख्या मंडळींनी जे केले ते मात्र कमी नव्हते. १९२० मध्येच, दोन किंवा अधिक मुले असलेल्या विधवांना दरमहा भत्ता देणारा कायदा झाला, आणि कामगार स्त्रियांसाठी किमान वेतन ठरवणारे मंडळ नेमले गेले. शेतकऱ्यांना दीर्घ मुदतीचे कर्ज मिळावे म्हणून १९२१ मध्ये व्यवस्था उभारली आणि तिला पैसा पुरावा म्हणून प्रांताची स्वतःची बचत बँक १९२२ मध्ये उघडली. ती बँक पुढे ८० वर्षे प्रांताच्या मालकीची राहिली. विधवांचा भत्ता आणि शहरातल्या कारखान्यांतल्या मुलींचे वेतन, या गोष्टी शेतकऱ्यांच्या मोर्चात कोणी मागितल्या नव्हत्या. गाऱ्हाणे घेऊन आलेला माणूस आपल्या गाऱ्हाण्यापुरता थांबला नाही, ही मला ड्रूरींच्या कारकिर्दीतली सर्वांत मोलाची गोष्ट वाटते.

नेमकी तीच त्यांच्या माणसांना खुपली.

रस्त्यांचेच पाहा. सार्वजनिक बांधकाम आणि महामार्गांचे मंत्री फ्रँक बिग्ज यांनी प्रांतभर पक्के रस्ते बांधायला काढले. आज ज्यांना आपण विकासाची कामे म्हणू त्यांवर गावोगाव कुरकुर सुरू झाली, कारण महामार्गावर धावणार ती शहरातल्या श्रीमंतांची मोटार, आणि शेतकऱ्याला हवा होता तो शेतापासून स्थानकापर्यंतचा चिखल नसलेला रस्ता. दुसरीकडे, काटकसरीच्या आग्रहामुळे ॲडम बेक यांच्या विजेवर चालणाऱ्या आगगाड्यांच्या महागड्या योजनेला ड्रूरींनी आडकाठी केली तेव्हा शहरे चिडली. खर्च केला तर गाव नाराज, आवरला तर शहर नाराज. शेतात खर्च आवरला की घरातले तेवढे कुरकुरतात, प्रांतात मात्र हिशेब मागणारे घर बदलत राहते.

दारूबंदीच्या बाबतीत मात्र मी त्यांची बाजू घेऊ शकत नाही. कायदा त्यांच्याआधीचा, १९१६ चा होता आणि १९१९ च्या कौलाने त्याला बळ दिले होते हे मान्य. परंतु त्याची अंमलबजावणी इतक्या कडव्या उत्साहाने झाली की नोव्हेंबर १९२० मध्ये अमेरिकेच्या सीमेलगतच्या गावी, धर्मोपदेशक असलेल्या एका सरकारी निरीक्षकाने एका हॉटेलमालकाला गोळी घालून ठार केले. तो निरीक्षक न्यायालयातून सुटला, सरकार त्या बदनामीतून सुटले नाही. ड्रूरी स्वतः मेथडिस्ट, श्रद्धेने निर्व्यसनी. आपण जे स्वतः पाळतो ते दुसऱ्याला जाचक होईल असे अशा माणसांना सहसा वाटत नाही. शेतातले तण मुळासकट काढावे लागते, ही सवय माणसांवर चालवली की काय होते ते इथे दिसले.

परंतु दारू किंवा रस्ते यांहून खोल जखम घरातलीच होती, आणि ती ड्रूरी व मॉरिसन यांच्यातली होती. मॉरिसन हे वेलिंग्टन परगण्यातल्या आर्थर गावचे शेतकरी, अत्यंत चिकाटीचे संघटक, सत्तेची खुर्ची समोर आली असताना न बसलेले. त्यांचे म्हणणे असे की आमदार हा त्याला निवडणाऱ्या स्थानिक शेतकरी मंडळाला बांधील आहे, मुख्यमंत्र्याला नव्हे. पक्ष नावाच्या यंत्रणेनेच शेतकऱ्याला बुडवले आणि आता आपणच पक्ष काढला तर आपल्यात आणि त्यांच्यात फरक तो काय राहिला? ड्रूरींनी १९२० च्या अखेरीपासून उघडपणे उलट सांगायला सुरुवात केली. शेतकऱ्यांच्या संघटनेने दार उघडावे, समविचारी शहरी माणसांना आत घ्यावे, आणि सर्व सामान्य जनतेचा एक पक्ष व्हावे, असे ते म्हणत. निव्वळ एका वर्गाच्या बळावर प्रांत चालवता येणार नाही आणि चालवूही नये, अशी त्यांची खात्री होती. ‘ब्रॉडनिंग आउट’, म्हणजे कक्षा रुंदावणे, या दोन शब्दांवरून त्या काळी शेतकऱ्यांच्या सभांत किती भांडणे झाली असतील याची मोजदाद नाही.

मी पुष्कळ वर्षे निःशंकपणे ड्रूरींच्या बाजूचा होतो. जनगणनेचे आकडे त्यांच्या बाजूला होते, गावे रिकामी होत होती, आणि घटत जाणाऱ्या वर्गाने दार लावून घेतले तर आत शेवटी कोण उरणार? आता मात्र मॉरिसन यांचे म्हणणे मला पूर्वीपेक्षा अधिक ऐकू येते. शेतकऱ्यांनी त्या संघटनेला जीव लावला तो ती त्यांची होती म्हणून. गावच्या शाळेत दहा-बारा जण जमून, आपला उमेदवार आपण ठरवून, त्याला कधीही जाब विचारण्याचा हक्क राखून ते बाहेर पडले होते. राजधानीत बसलेल्या आपल्याच माणसाने वर्षभरात त्यांना सांगावे की तुमचे आवार लहान आहे, कुंपण काढा, हे शहाणपणाचे असेल, पण ज्यांच्या घामाने ते कुंपण उभे राहिले त्यांना ते कसे वाटले असेल? बांधावरून पिढ्यान्पिढ्या वैरे चालतात ती जमिनीच्या त्या हातभर पट्ट्यासाठी थोडीच असतात. ड्रूरींचा हिशेब बरोबर होता आणि मॉरिसन यांना माणसे बरोबर कळली होती. दोघांचे एकत्र काही जमले असते तर ऑन्टारियोचे पुढचे राजकारण निराळे झाले असते, पण ते जमले नाही.

२५ जून १९२३ च्या निवडणुकीत हॉवर्ड फर्ग्युसन यांच्या कॉन्झर्वेटिव्ह पक्षाने ७५ जागा घेतल्या. शेतकरी १७ वर आले. हॉल्टनने ड्रूरींनाही पाडले. त्याआधी पसंतीक्रमाने मत देण्याची पद्धत आणणारे विधेयक त्यांनी मांडून पाहिले होते, जेणेकरून मते फुटून लॉटरी लागण्याचा प्रकार बंद व्हावा. विरोधकांनी ते भाषणे करकरून अडवून धरले. ज्या लॉटरीने त्यांना सत्ता दिली होती तीच बंद करायला निघालेला हा माणूस, हे मला त्यांच्या भाबडेपणाचे वाटते की प्रामाणिकपणाचे, ते सांगता येत नाही. पराभवानंतर संघटनेने राजकारणातून अंग काढून घेतले, म्हणजे शेवटी मॉरिसन यांच्याच मनासारखे झाले. त्यावर कडी म्हणून ड्रूरींचे अर्थमंत्री पीटर स्मिथ, तेही शेतकरीच, सरकारी रोख्यांच्या व्यवहारात दोषी ठरून १९२४ मध्ये तुरुंगात गेले. ड्रूरींच्या स्वतःच्या हाताला काही चिकटलेले नव्हते. पण अर्थखात्यावर मुख्यमंत्र्याची नजर असायला नको होती का, हा प्रश्न त्यांनाही कधी टाळता आला नसेल.

साडेतीन वर्षांची ही सत्ता. एवढ्यात शेतातली एखादी विहीरही नीट पुरी होत नाही.

बॅरीच्या जवळ हेन्ड्री नावाचे रान आहे. मी तिथे पहिल्यांदा गेलो तेव्हा ते रान वाटलेच नाही, कारण लाल पाइनची झाडे ओळीने उभी होती, ओळीतले अंतर सारखे, आणि एका विशिष्ट जागी उभे राहिले की तिरक्या बाजूनेही दूरवर सरळ वाट दिसत होती. पायाने सुयांचा थर बाजूला केला तेव्हा खाली निव्वळ वाळू लागली. सिमको परगण्याच्या या पट्ट्यात मूळचे पाइनचे अरण्य होते. ते तोडून लाकूड विकले गेले, मग तिथे शेती करू पाहणारे आले, वाळूने दोन-चार पिके दिली आणि मग ती उडू लागली. कुंपणे बुजली, शेते सोडून माणसे निघून गेली. ड्रूरी हे पाहतच लहानाचे मोठे झाले. वनाधिकारी एडमंड झॅविट्झ आणि ते तरुणपणापासून या उजाड जमिनींवर पुन्हा झाडे लावा म्हणून सांगत होते. सत्ता आल्यावर १९२१ मध्ये त्यांनी वनीकरणाचा कायदा केला. परगण्याने पडीक जमीन विकत घ्यावी, प्रांताने रोपे पुरवावीत, लावावीत आणि सांभाळावीत, असा तो करार होता. सिमको परगणा पहिल्यांदा पुढे आला आणि १९२२ मध्ये हेन्ड्रीला लागवड सुरू झाली. आज या परगण्याच्या मालकीचे वन ३० हजार एकरांहून मोठे आहे.

लाल पाइनच्या लागवडीची पहिली विरळणी करायलाच तीसेक वर्षे जावी लागतात. १९२३ च्या जूनमध्ये मतदार केंद्रावर निघाले तेव्हा ही रोपे गुडघ्यापर्यंतही आली नसतील. त्यांनी ड्रूरींना एक मतही मिळवून दिले असेल असे मला वाटत नाही. वार्षिक पिकाचा शेतकरी असा विचार करीत नाही, असे कोणी म्हणेल, पण बांधावर झाड लावणाराही शेतकरीच असतो. १९१९ चा वापसा त्यांना जेमतेम साडेतीन वर्षे मिळाला. त्यात त्यांनी काही पिके चुकीची पेरली, काही वेळेआधी पेरली, आणि हे एक असे पेरले की त्याच्याकडे पाहायला विरोधकांना फुरसत नव्हती आणि स्वकीयांनाही.

ड्रूरींनी पुढे केंद्रीय निवडणुकीतही नशीब आजमावले, ते साधले नाही. जकातीवरचा राग मात्र टिकला. १९३२ मध्ये त्यावर त्यांनी एक पुस्तक लिहिले. १९३४ साली मिचेल हेपबर्न मुख्यमंत्री झाले, तेही शेतकरी, कांद्याचे, आणि तरुणपणी ‘युनायटेड फार्मर्स’च्या वाऱ्यात वाढलेले. त्यांच्या काळात ड्रूरींना सिमको परगण्याचे शेरीफ आणि न्यायालयाचे कारकून म्हणून नेमणूक मिळाली. ज्याने प्रांताचा कारभार हाकला तो माणूस आता जप्तीच्या नोटिसा आणि दाव्यांच्या नोंदी सांभाळू लागला, आणि ते काम त्याने १९५९ पर्यंत, पाव शतक केले. याला कोणी पडती म्हणेल. मला तसे म्हणवत नाही. घर क्राउन हिललाच राहिले, आणि बॅरीच्या आसपासची ती लागवड डोळ्यांसमोर वाढत राहिली.

ज्या हॉल्टनने त्यांना १९२३ मध्ये पाडले, तिथल्या मिल्टन गावात आज त्यांच्या नावाची शाळा आहे, आणि कर्णबधिर मुलांची शाळाही त्यांच्याच नावाची. तिथल्या विद्यार्थ्यांना ते कोण होते हे कितपत ठाऊक असते, याची चौकशी मी मुद्दामच केलेली नाही.

१९६६ मध्ये, ८८ व्या वर्षी, त्यांनी आत्मचरित्र प्रसिद्ध केले. दोन वर्षांनी, फेब्रुवारी १९६८ मध्ये ते वारले. आत्मचरित्राचे नाव ‘फार्मर प्रीमियर’. इंग्रजीत हे शब्द याच क्रमाने येणार, त्यात विशेष काही नाही, हे मला कळते. ग्रंथालयातली ती प्रत हातात घेतली की तरीही मी प्रत्येक वेळी पहिल्या शब्दावर थोडा थांबतो.